ऐरोली, महापे, घोडबंदर: आयटीतल्या नोकरभरतीबद्दल वारंवार विचारले जाणारे प्रश्न

खालचे प्रश्न ठाणे आणि नवी मुंबईतल्या वाचकांनी पाठवलेले आहेत. काही फ्रेशर्सचे, काही दहा-पंधरा वर्षं नोकरी केलेल्यांचे आणि बरेचसे आईवडिलांचे. एकाच अर्थाचे प्रश्न एकत्र केलेत, माणसांची आणि कंपन्यांची नावं काढून टाकलीत. उत्तरं लिहिणारी व्यक्ती भरतीच्याच धंद्यातली असल्यामुळे कुठेकुठे एचआरची बाजू डोकावेल. तिथे आपली अक्कल शाबूत ठेवून वाचा. कायद्याची माहिती २०२५ च्या अखेरीस लागू असलेल्या तरतुदींप्रमाणे आहे.

१. आयटीत भरती बंद झालीय असं सगळे म्हणतात. खरं आहे का? मुलगी बारावीला आहे, कम्प्युटर घ्यावं की नको?

बंद नाही, मंद आहे. घोळ असा होतो की लोक अजून २०२१-२२ शी तुलना करतात. करोनानंतर परदेशी ग्राहकांनी एकदम कामं काढली आणि माणसं मिळेनाशी झाली. जो तो नोकरी बदलत सुटला. इन्फोसिसमध्ये जून २०२२ च्या तिमाहीत गळतीचं प्रमाण २८.४ टक्क्यांवर गेलं होतं, टीसीएसमध्ये त्याच वर्षी २१.५ टक्क्यांवर. खुर्च्या रिकाम्या होत होत्या म्हणून भरती धडाक्यात चालली होती. पुढे मागणी ओसरली, लोकांनी हातातली नोकरी घट्ट धरली आणि मार्च २०२५ ला टीसीएसची गळती १३ टक्क्यांच्या घरात आली. कोणी जागाच सोडत नाही, तर नव्याला बसवणार कुठे?

जुलै २०२५ मध्ये टीसीएसने मनुष्यबळात सुमारे २ टक्के, म्हणजे बारा हजारांवर कपात जाहीर केली, आणि ती मुख्यतः मधल्या-वरच्या फळीतली होती. तरीही नॅसकॉम या आयटी कंपन्यांच्या संघटनेच्या हिशेबाने या उद्योगात ५८ लाखांच्या आसपास माणसं काम करतात.

या पानावरच्या निम्म्या उत्तरांची किल्ली एकच आहे: बिलिंग. सेवा देणारी आयटी कंपनी तुमच्या कामाचे तास ग्राहकाला विकते. ज्याचे तास विकले जातात तो 'बिलेबल', बाकीचा खर्च. भरती, बेंच (प्रोजेक्ट नसताना पगारावर नुसतं बसून राहणं), कपात, वाढ, सगळं त्यावर हलतं. त्यामुळे मुलगी पास होईल तेव्हा बाजार कसा असेल हे छातीठोकपणे सांगणाऱ्यावर विश्वास ठेवू नका. विषयाची आवड असेल तर जरूर घ्या. शेजारच्यांचा मुलगा ऐरोलीच्या माइंडस्पेस आयटी पार्कात लागला म्हणून घेऊ नका.

२. आपल्या भागात नोकऱ्या नेमक्या आहेत कुठे? ऐरोली सोडून काही आहे का?

आहे. ट्रान्स-हार्बरच्या गाडीत बसलात की अर्धा नकाशा खिडकीतून दिसतो. ऐरोलीला पूर्व-पश्चिम दोन्हीकडे माइंडस्पेसचे मोठे परिसर, घणसोलीला रिलायन्स कॉर्पोरेट पार्क, कोपरखैरण्याला धीरूभाई अंबानी नॉलेज सिटी, महापेला मिलेनियम बिझनेस पार्क, जुईनगरला आणखी एक माइंडस्पेस. वाशी आणि बेलापूरला तर स्टेशनच्या इमारतींमध्येच ऑफिसं. ठाण्यात घोडबंदर रोडला हिरानंदानी इस्टेटमधलं टीसीएस ऑलिम्पस, पोखरण रोडचं यंत्रा पार्क, वागळे इस्टेटमधली लहान-मध्यम ऑफिसं.

ठाणे-बेलापूर रोड एके काळी रासायनिक कारखान्यांचा पट्टा होता, हे आजच्या फ्रेशर्सना सांगूनही पटत नाही.

पत्ता बघताना तुमच्या घरापासूनचा वेळ मोजा, किलोमीटर नको. कळव्याहून किंवा ठाण्याच्या नऊ-दहा नंबर फलाटावरून ऐरोली सोपं पडतं. दिघा गाव स्टेशन जानेवारी २०२४ ला सुरू झाल्यापासून त्या बाजूच्यांचीही सोय झाली. कासारवडवलीहून महापे रोज मात्र जड जातं. आणि ऑफर लेटरमध्ये 'भारतात कुठेही बदली होऊ शकते' हे वाक्य असतंच असतं. ऐरोलीची मुलाखत दिली म्हणजे ऐरोलीलाच बसाल असं नाही.

३. बीएस्सी आयटी झालंय, इंजिनिअरिंग नाही. घेतात का?

घेतात. विप्रोचा विल्प हा कार्यक्रम बीसीए-बीएस्सीवाल्यांसाठीच आहे, त्यात नोकरीबरोबर एमटेक करता येतं. टीसीएसचीही बीएस्सी-बीसीएवाल्यांसाठी वेगळी भरती असते. एचसीएलचा टेकबी तर बारावीनंतरच घेतो. पगार इंजिनिअरपेक्षा कमी असतो हे धरून चला. २०२४ मध्ये कॉग्निझंटची वर्षाला २.५२ लाखांची ऑफर समाजमाध्यमांवर गाजली, ती बिगर-इंजिनिअर पदवीधरांसाठीच होती.

माझं मत विचाराल तर सुरुवातीच्या पगारापेक्षा कामाचा प्रकार बघा. 'प्रोसेस' (ठरलेल्या साच्याचं कारकुनी काम) म्हणून घेऊन तीन वर्षं एक्सेलच भरायला लावणार असतील तर तिथून डेव्हलपमेंटमध्ये उडी मारणं अवघड होतं. मुलाखतीत थेट विचारा: 'पहिल्या वर्षी मी कुठल्या टूलवर काम करेन?' उत्तर गोलमाल आलं तर समजून घ्या.

४. दहावीला ५८ टक्के, एक केटी राहिलीय, एक वर्षाचा गॅप आहे. संपलं का सगळं?

मोठ्या कंपन्यांच्या कॅम्पस भरतीत 'सगळीकडे ६० टक्के' ही अट बऱ्याचदा असते आणि ती संगणकच लावतो, तिथे विनवणी चालत नाही. पण ती चाळणी फ्रेशर असतानाच जाचक असते. दोन वर्षांचा खरा अनुभव झाला की दहावीचे टक्के कोणी विचारत नाही. तोवर लहान कंपनी, इंटर्नशिप किंवा केंद्राच्या नॅट्स पोर्टलवरून अप्रेंटिसशिप हा मार्ग धरा.

केटी, म्हणजे नापास राहिलेला विषय, असेल तर आधी ती सोडवा. गॅप लपवू नका. आजारपण, घरची अडचण, परीक्षेची तयारी, जे असेल ते एका वाक्यात सांगा. लपवलेला गॅप पडताळणीत निघतो (प्रश्न ११ पाहा).

५. ऑफर ४.२० लाखांची आहे. बाबा म्हणतात महिन्याला ३५ हजार येणार. खरंच?

नाही. बाबांना हे उत्तर वाचायला द्या.

सीटीसी म्हणजे तुमच्यावर कंपनीचा होणारा एकूण खर्च. ३५,००० च्या पोटात सहसा असं दडलेलं असतं: व्हेरिएबल पे १० टक्के, म्हणजे ३,५००, जो कंपनीच्या आणि तुमच्या कामगिरीवर मिळेल किंवा मिळणार नाही. कंपनीचा पीएफचा वाटा १,८००. मूळ वेतन १७,५०० धरलं तर ग्रॅच्युइटीची तरतूद ४.८१ टक्क्यांनी ८४२. आरोग्य विमा समजा ५००. हे सगळं वजा जाता उरले २८,३५८. त्यातून तुमच्या वाट्याचा पीएफ १,८०० आणि व्यवसाय कर २०० कापला की खात्यात २६,३५८. फेब्रुवारीत व्यवसाय कर ३०० कापतात, म्हणून त्या महिन्यात शंभर रुपये कमी आले तर घाबरू नका. आयकर या पातळीवर शून्य; नव्या करप्रणालीत २०२५-२६ पासून १२ लाखांपर्यंतच्या करपात्र उत्पन्नावर कर लागत नाही.

पीएफ १५,००० च्या मर्यादेवर न कापता पूर्ण मूळ वेतनावर कापला तर तो दोन्ही बाजूंनी २,१०० होतो आणि हातात आणखी ६०० कमी येतात. ते पैसे तुमचेच आहेत, फक्त आज दिसत नाहीत.

२१ नोव्हेंबर २०२५ पासून चार कामगार संहिता लागू झाल्या. त्यात 'वेतन' मोजताना भत्ते एकूण मोबदल्याच्या निम्म्याहून जास्त झाले तर वरचा भाग वेतनातच धरायचा असं आहे. त्यामुळे बेसिक (मूळ वेतन) मुद्दाम २०-३० टक्क्यांवर ठेवून भत्त्यांनी फुगवलेली जुनी रचना आता बदलतेय.

पत्रात आणखी दोन ओळी शोधा. जॉइनिंग बोनस सीटीसीत मिळवलाय का? मिळवला असेल तर दुसऱ्या वर्षी पगार वाढूनही आकडा तिथेच राहतो. आणि तो बोनस वर्षाच्या आत सोडल्यास परत मागणार आहेत का? बहुधा मागतात.

६. कन्सल्टन्सीच्या पेरोलवर घेऊन एका मोठ्या बँकेच्या कामावर पाठवणार म्हणतात, सहा महिन्यांनी कायम करू म्हणतात. जाऊ का?

कामाचा अनुभव हवा असेल तर जा, 'कायम' होण्याच्या भरवशावर जाऊ नका. कायम करण्याचं आश्वासन हमखास तोंडी असतं. लेखी मागितलं की 'ग्राहकाच्या गरजेनुसार' असं उत्तर येतं, आणि त्यात खोटं काही नसतं: ग्राहकाने काम थांबवलं की तुमची जागाही गेली.

सही करण्याआधी इतकं विचारून घ्या: नियुक्तिपत्र कोणाचं, पीएफ कोण भरणार, विम्यात आईवडील आहेत का, ग्राहकाचं काम संपलं तर पगार चालू राहतो की त्याच दिवशी थांबतो. नियुक्ती ठरावीक मुदतीची असेल तर तुमच्या फायद्याची एक गोष्ट आहे, ती प्रश्न १६ मध्ये.

७. मे महिन्यात ऑफर लेटर आलं, अजून जॉइनिंगची तारीख नाही. मेल केला की 'बिझनेस रिक्वायरमेंटनुसार कळवू'. काय करू?

दुसरीकडे अर्ज करा, आजच. २०२२ साली ऑफर मिळालेल्या इन्फोसिसच्या काही मुलांना रुजू व्हायला २०२४ उजाडलं होतं. कंपनीला तुम्ही बेंचवर नको असता, म्हणून ती तुम्हाला घरी बेंचवर बसवते. बिलिंगचं तेच गणित.

हातातला कागद नेमका कोणता आहे तेही बघा. 'लेटर ऑफ इंटेंट' म्हणजे नुसता इरादा. ऑफर लेटरमध्ये तारीख आणि पगार असला तर तुमची बाजू थोडी भक्कम, पण कोर्टात जाऊन नोकरी मिळवता येईल अशी आशा धरू नका. दुसरीकडे लागलात आणि मग पहिल्या कंपनीचा मेल आला तर? तेव्हाचं तेव्हा ठरवा. अपराधी वाटून घ्यायचं काहीच कारण नाही.

रुजू झाल्यावरही प्रशिक्षणातल्या परीक्षा गंभीरपणे घ्या. फेब्रुवारी २०२५ मध्ये म्हैसूरला इन्फोसिसने काहीशे प्रशिक्षणार्थींना अंतर्गत परीक्षेत तीन संधींनंतरही नापास झाले म्हणून काढलं. ती अट त्यांच्या कागदात आधीपासून होती.

८. दोन वर्षांचा बॉण्ड आणि मार्कशीट जमा करा म्हणतात. कायदेशीर आहे का?

दोन वेगळे प्रश्न आहेत. मूळ मार्कशीट देऊ नका. पडताळणीला दाखवायची, प्रत द्यायची, मूळ कागद घरी. जी कंपनी मूळ कागद अडकवून ठेवते ती पुढे आणखी काय काय अडकवेल याचा विचार करा.

बॉण्ड मात्र 'बेकायदेशीरच असतो' असं व्हॉट्सअ‍ॅपवर फिरतं ते अर्धसत्य आहे. करार कायद्याचं कलम २७ नोकरी सोडल्यावर दुसरीकडे काम करायला आडकाठी करू देत नाही. पण नोकरीत असतानाच्या काळाची अट आणि ती मोडल्यास वाजवी भरपाई हा वेगळा मुद्दा आहे. मे २०२५ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने विजया बँकेच्या प्रकरणात तीन वर्षांच्या आत सोडल्यास २ लाख भरण्याची अट वैध ठरवली. तो निकाल सरकारी बँकेच्या भरतीखर्चाचा विचार करून दिलेला आहे. पंधरा दिवस यूट्यूबचे व्हिडिओ दाखवून तीन लाखांचा बॉण्ड लावणाऱ्या कंपनीला तोच आधार मिळेल असं नाही. कलम ७४ प्रमाणे भरपाई वाजवीच असावी लागते आणि रकमेला वरची मर्यादा करारातली.

वकिलाची नोटीस आली असेल तर थेट प्रश्न १७ वर जा.

९. नोटीस पीरियड ९० दिवसांचा आहे, नवी कंपनी ३० दिवसांत ये म्हणते. आता?

हा या पानावरचा सगळ्यांत जास्त आलेला प्रश्न. आधी कराराचं वाक्य शब्दशः वाचा. 'नोटीस किंवा त्याबदल्यात वेतन' असं असेल तर बायआउट, म्हणजे उरलेल्या दिवसांचे पैसे भरून सुटणं, तुमचा हक्क. 'कंपनीच्या मर्जीनुसार' असं पुढे जोडलेलं असेल तर मॅनेजरशी बोलावं लागणार. मॅनेजर सोडतो कधी? त्याच्या ग्राहकाला बदली माणूस दिसला की. म्हणून राजीनाम्याच्या मेलसोबतच कामाचं हस्तांतर कसं करणार याचा तारीखवार तक्ता पाठवा. एचआरच्या पाठी लागण्यापेक्षा याने जास्त काम होतं.

कोणी तुम्हाला जबरदस्तीने कामावर बसवू शकत नाही. जास्तीत जास्त करारानुसार रक्कम वसूल होऊ शकते. त्या वसुलीवर जीएसटी लावला असेल तर आक्षेप घ्या. नोटीस-वेतनाच्या वसुलीवर आणि बॉण्डच्या रकमेवर तो लागत नाही, हे ऑगस्ट २०२२ च्या परिपत्रकात स्पष्ट केलंय.

रिलीव्हिंग लेटर (नोकरीतून मुक्त केल्याचं पत्र) अडवलं तर राजीनामा स्वीकारल्याचा मेल, शेवटच्या तीन महिन्यांच्या पगारपावत्या, फॉर्म १६ आणि पीएफची सर्व्हिस हिस्टरी एवढ्यावर बऱ्याच कंपन्या घेतात, आधी सांगून ठेवलं तर. पीएफमध्ये 'नोकरी सोडल्याची तारीख' जुन्या कंपनीने भरली नसेल तर शेवटचा हप्ता जमा झाल्यावर दोन महिन्यांनी ती तुम्ही स्वतः पोर्टलवर भरू शकता. शेवटचा हिशेब 'फुल अँड फायनल ४५ दिवसांत' ही कंपन्यांची जुनी सवय. नव्या वेतन संहितेत दोन कामाच्या दिवसांत वेतन चुकतं करायचंय.

१०. दोन महिने बेंचवर आहे. एचआरने खोलीत बोलावून 'आत्ता राजीनामा टाका, नाहीतर टर्मिनेट करू, पुढे कुठे लागणार नाही' म्हटलं. काय करावं?

खोलीत सही करू नका. 'मला विचार करायला वेळ हवा, जे सांगताय ते मेलवर पाठवा' एवढं म्हणून बाहेर या. मेल येणार नाही. मग तुम्हीच त्याच दिवशी मेल टाका: आज अमुक वाजता अमुक व्यक्तींनी मला बोलावून असं असं सांगितलं, मी राजीनामा दिलेला नाही आणि काम करायला तयार आहे. पूर्ण नावं, वेळ, खोली. त्या मेलची प्रत घरच्या मेलवर असू द्या, फक्त कंपनीची गोपनीय कागदपत्रं सोबत पाठवू नका. तेच निमित्त होऊन बसतं.

राजीनाम्याचा एवढा आग्रह का? राजीनामा दिलात की कपातीची भरपाई देणं लागत नाही. काढून टाकलं आणि तुम्ही कायद्याच्या व्याख्येत 'कामगार' ठरलात तर वर्षभर सलग सेवेनंतर एक महिन्याची नोटीस किंवा वेतन, आणि पूर्ण झालेल्या प्रत्येक वर्षामागे १५ दिवसांचं वेतन देय होतं. सॉफ्टवेअरवाला 'कामगार' असतो का? हुद्द्यावर नाही, प्रत्यक्ष कामावर ठरतं. मुख्य काम तांत्रिक असेल तर पगार मोठा असूनही दावा करता येतो. माणसं हाताळणं, रजा-मूल्यमापन करणं हेच मुख्य काम असेल तर नाही. तक्रार कामगार आयुक्तालयाच्या ठाणे कार्यालयात करता येते. नाइट्स ही पुण्याची आयटी कर्मचाऱ्यांची संघटनाही अशा तक्रारी उचलून धरते.

आता एचआरच्या खुर्चीतून एक गोष्ट सांगतो. टीसीएसने जून २०२५ मध्ये वर्षाला किमान २२५ बिलेबल दिवस आणि बेंचवर जास्तीत जास्त ३५ दिवस असं धोरण आणलं; बाकी कंपन्यांचंही कमीअधिक तेच चालतं. बेंचवर पहिल्याच आठवड्यापासून रोज किमान एका अंतर्गत मागणीला (कंपनीतल्याच दुसऱ्या प्रोजेक्टमधल्या जागेला) अर्ज करा आणि मेलचा माग ठेवा. 'याने प्रयत्न केले नाहीत' हे वाक्य फाइलमध्ये येऊ देऊ नका. तडजोडीला बसलात तर बाहेर पडण्याची रक्कम, विमा किती महिने चालू, आणि अनुभवपत्रातला मजकूर, हे तिन्ही लेखी घ्या.

११. मित्र म्हणतो तीन वर्षांचा अनुभव दाखवणारी कागदपत्रं चाळीस हजारांत मिळतात. सगळेच करतात म्हणे.

सगळे करत नाहीत, आणि करणारे सापडतात. पडताळणीवाले पीएफची सर्व्हिस हिस्टरी, फॉर्म २६एएस (तुमच्या नावावर कापलेल्या कराचा उतारा) आणि बँकेचं स्टेटमेंट एकमेकांशी ताडून बघतात. कागदावरच्या कंपनीने तुमचा एक रुपयाही पीएफ भरलेला नाही हे पाच मिनिटांत कळतं. अहवाल कधी कधी रुजू झाल्यावर चार महिन्यांनी येतो आणि मग त्याच संध्याकाळी लॅपटॉप जमा करावा लागतो.

दुसऱ्याला मुलाखतीला बसवण्याचे प्रकार इतके वाढले की बऱ्याच कंपन्यांनी शेवटची फेरी पुन्हा ऑफिसात समोरासमोर घ्यायला सुरुवात केलीय. शनिवारच्या वॉक-इनच्या रांगा परत दिसतायत त्या याचमुळे.

१२. नोकरी लावण्यासाठी कन्सल्टन्सी 'रिफंडेबल डिपॉझिट' मागतेय. ऑफिस वाशीत आहे, बोर्ड आहे, बाई खूप चांगल्या बोलतात.

देऊ नका. भरतीचे पैसे कंपनी कन्सल्टन्सीला देते, उमेदवार नाही. लॅपटॉपचं डिपॉझिट, ट्रेनिंगची फी, पोलीस पडताळणीचा खर्च, नाव काहीही असो. ऑफर लेटर कंपनीच्या स्वतःच्या डोमेनवरून आलंय का ते बघा; जीमेलवरून आलं असेल तर तिथेच थांबा. पैसे गेले असतील तर लगेच १९३० या सायबर-फसवणुकीच्या हेल्पलाइनवर फोन करा, पहिले काही तास महत्त्वाचे असतात.

थायलंड-कंबोडियात 'डेटा एंट्री', 'डिजिटल सेल्स' म्हणून लाखभर पगार सांगत असतील तर जास्तच सावध व्हा. अशी मुलं म्यानमारच्या सीमेवरच्या सायबर-फसवणुकीच्या तळांवर अडकल्याचे इशारे परराष्ट्र मंत्रालयाने २०२२ पासून दिलेत. एजंट नोंदणीकृत आहे का ते ई-मायग्रेट पोर्टलवर तपासता येतं.

१३. मुलीला रात्रपाळी दिलीय, परवानगी आहे का? आणि गरोदर असेल तर नोकरी जाईल का?

महाराष्ट्राच्या २०१७ च्या दुकाने व आस्थापना कायद्यानुसार रात्री साडेनऊ ते सकाळी सातपर्यंत स्त्रियांना काम देता येतं, पण त्यांची संमती हवी, आणि सुरक्षिततेची व घराच्या दारापर्यंत सोडण्याची व्यवस्था कंपनीने करायची. दारापर्यंत म्हणजे दारापर्यंत. 'कॅब मुख्य रस्त्यावर सोडेल, आत वळायला जागा नाही' हे कारण चालवून घेऊ नका. कंपनीची कॅब लैंगिक छळविरोधी कायद्यात कामाच्या ठिकाणात मोडते, तिथल्या प्रसंगाची तक्रारही अंतर्गत समितीकडे तीन महिन्यांच्या आत करता येते.

बाळंतपणाची रजा पहिल्या दोन मुलांसाठी २६ आठवडे, पुढे १२. अट एवढीच की प्रसूतीच्या अपेक्षित तारखेच्या आधीच्या १२ महिन्यांत ८० दिवस काम झालेलं हवं. त्यामुळे रुजू होऊन दोनच महिने झालेत म्हणून घाबरू नका, मोजणी प्रसूतीच्या तारखेपासून मागे होते. या रजेच्या काळात काढून टाकणं बेकायदेशीर आहे. प्रत्यक्षात घडतं ते वेगळंच: परत आल्यावर प्रोजेक्ट दुसऱ्याला दिलेला असतो आणि बाई बेंचवर. तिथून पुढे प्रश्न १०.

१४. रबाळे-महापेला एवढी डेटा सेंटर्स उभी राहतायत. त्यांत किती नोकऱ्या?

इमारतीच्या आकाराच्या मानाने फार थोड्या. समुद्राखालच्या केबल मुंबईच्या किनाऱ्यावर येतात, मोठे ग्राहक म्हणजे बँका आणि शेअर बाजारवाले इथेच आहेत, आणि टीटीसी या ठाणे-बेलापूर रोडच्या औद्योगिक पट्ट्यात उद्योगांसाठी वीज-जमीन होती, म्हणून हा धंदा इथे रुजला. पण आत माणसांपेक्षा यंत्रं जास्त.

ज्या जागा आहेत त्या मात्र लोकांच्या लक्षात येत नाहीत, कारण त्या कोडिंगच्या नाहीत. इलेक्ट्रिकल डिप्लोमा, यूपीएस आणि बॅटरी बँक, डिझेल जनरेटर, चिलर, बीएमएसच्या (इमारतीची यंत्रणा सांभाळणाऱ्या प्रणालीच्या) पडद्यावर लक्ष ठेवणं, नेटवर्कच्या केबल. तीन पाळ्या, दिवाळीलाही. विद्युत पर्यवेक्षकाचा परवाना असेल तर अर्ज वर सरकतो. आयटीआय किंवा पॉलिटेक्निक झालेल्या मुलाने 'आयटी म्हणजे इंजिनिअरिंग' समजून हा दरवाजा न वाजवताच परत फिरू नये. एआयला जितकी जास्त सर्व्हरं लागतील तितकी वीज आणि गारवा लागणार, आणि रात्री तीनला अलार्म वाजला की हा माणूसच लागतो.

१५. वय ४४, मॅनेजर होतो, कपातीत गेलो. सहा महिने झाले. आता एआयमुळे आमची गरजच नाही का?

एआयने हाताने करायचं टेस्टिंग, पहिल्या पातळीचा सपोर्ट, साचेबद्ध कोड यांवर घाव घातलाय. तुमची अडचण मात्र त्याआधीपासूनची आहे. ग्राहक नुसत्या देखरेखीचे पैसे द्यायला तयार नाही, आणि स्टेटस कॉल घेणारा मॅनेजर बिलेबल राहिला नाही.

सीव्हीतून 'मॅनेज्ड अ टीम ऑफ ४०' खाली ढकला आणि व्यवसायाचं ज्ञान वर आणा: पेमेंट, विमा दावे, ट्रेड सेटलमेंट, नियामकांना जाणारे अहवाल. मुंबई परिसरातल्या परदेशी बँकांच्या स्वतःच्या केंद्रांना हेच लागतं. अशी केंद्रं देशात २०२४ मध्येच १,७०० च्या वर होती, सुमारे १९ लाख लोक तिथे कामाला होते, आणि सेवा कंपन्या हात आखडता घेत असताना बरीचशी भरती तिथून आली. पगार २० टक्के कमी मागायची तयारी ठेवा, हे लिहायला बरं वाटत नाही पण खरं आहे. पोर्टलवर शंभर अर्ज टाकण्यापेक्षा जुन्या सहकाऱ्यांना फोन करा. कंपन्या ओळखीतून आलेल्या माणसासाठी कर्मचाऱ्याला बक्षीस देतात, त्यामुळे रेफर करण्यात त्याचाही फायदा असतो.

'मराठी माणसाला डावलतात का' असं विचारणाऱ्या सगळ्यांना उत्तरही इथेच: मला दिसतं ते डावलणं कमी आणि रेफरलचं जाळं जास्त. आपल्याकडे ओळखीच्या माणसाला 'माझा सीव्ही पुढे कर' म्हणायला लाज वाटते. बाकीच्यांना वाटत नाही.

१६. आता एका वर्षात ग्रॅच्युइटी मिळते ना? आणि दुसरी नोकरी बाजूला केली तर कळतं का?

ग्रॅच्युइटीची ती बातमी अर्धीच फिरली. नव्या सामाजिक सुरक्षा संहितेत एका वर्षाची सवलत ठरावीक मुदतीच्या नियुक्तीवाल्यांना आहे. कायम कर्मचाऱ्याला पाच वर्षंच लागतात. प्रश्न ६ मधल्या मंडळींनी आपलं पत्र पुन्हा काढून बघावं.

बाजूच्या नोकरीचं: विप्रोने सप्टेंबर २०२२ मध्ये ३०० जणांना याच कारणाने काढल्याचं जाहीर केलं होतं. एकाच यूएएनवर (पीएफच्या कायमच्या क्रमांकावर) एकाच महिन्यात दोन कंपन्यांचा पीएफ आला की पडताळणीत दिसतं. पीएफ नसलेलं फ्रीलान्स काम २६एएसमधल्या टीडीएसवरून दिसू शकतं. शनिवार-रविवार क्लासमध्ये शिकवायचं असेल तर लेखी परवानगी मागा. स्पर्धकाचं काम नसेल तर बऱ्याचदा मिळते.

१७. बॉण्ड मोडून दोन वर्षं झाली. आता वकिलाची नोटीस आलीय, दीड लाख भरा म्हणून. भरू का?

वकिलाची नोटीस म्हणजे कोर्टाचं समन्स नव्हे. घाबरून लगेच पैसे टाकू नका, पण कचऱ्यातही टाकू नका. करारभंगाचा दावा सहसा तीन वर्षांच्या आत करता येतो, म्हणजे तुमची मुदत अजून संपलेली नाही.

बॉण्डची प्रत काढा. कंपनीने प्रशिक्षणावर खरोखर काय खर्च केला, तुम्ही बॉण्डचा किती काळ पूर्ण केला, नोटीस पीरियड भरला का, रिलीव्हिंग लेटर दिलं होतं का, हे सगळं एका कागदावर मांडा. रिलीव्हिंग लेटरमध्ये 'कोणतीही देणी बाकी नाहीत' असं वाक्य असेल तर ते सोन्यासारखं आहे. मग ठाण्यात नोकरीविषयक प्रकरणं बघणाऱ्या वकिलाकडून दिलेल्या मुदतीत उत्तर पाठवा. त्यात खर्चाचा तपशील मागा. रक्कम कमी करून मिटवायची तयारी दोन्ही बाजूंनी असते. मिटवलंत तर आधी तडजोडीचं पत्र, मग पैसे, आणि तेही बँकेतूनच.